जबलपूरची मराठी आणि तिसरी पिढी

जबलपूर येथील मराठी वस्तीचा इतिहास सांगावयाचा झाल्यास त्याचा आरंभ एकदा नव्हे, तीनदा करावा लागतो. १७८१ साली सागरच्या मराठ्यांनी गढामंडल्याचे गोंड राज्य जिंकले. सागरचा कारभार त्या वेळी पेशव्यांच्या वतीने गोविंदपंत बुंदेले यांच्या वंशजांकडे होता, आणि हे खेर घराणे मूळचे कोकणातले. १७९८ साली मंडला आणि नर्मदेचे खोरे नागपूरकर भोसल्यांकडे गेले व १८१७ च्या डिसेंबरात जबलपूर इंग्रजांच्या हाती पडले. म्हणजे मराठ्यांची सत्ता येथे उणीपुरी छत्तीस वर्षे टिकली. परंतु सत्ता गेली म्हणून तिच्यामागून आलेली माणसे परत गेली असे नाही. कारकून, शिलेदार, भिक्षुक, वैद्य यांची काही घरे नर्मदाकाठी राहिली, आणि राज्य गेल्यावर त्यांच्यापाशी दोनच गोष्टी उरल्या : थोडीबहुत वतने आणि घरातील भाषा.

दुसरा आरंभ रेल्वेबरोबर झाला. १८६१ साली मध्यप्रांताची स्थापना होऊन नागपूर व जबलपूर एका शासनाखाली आली. १८७० साली मुंबईकडून येणारा लोहमार्ग जबलपुरास अलाहाबादकडील मार्गाशी जोडला गेला आणि मुंबई-कलकत्ता हा प्रवास सलग झाला. पुढे १९०४ साली तोफगाड्यांचा कारखाना निघाला. रेल्वे, तारखाते, कचेऱ्या, शाळा, कारखाना यांत इंग्रजी शिकलेला मराठी मनुष्य मोठ्या संख्येने शिरला. तिसरा आरंभ १ नोव्हेंबर १९५६ चा. राज्यपुनर्रचनेत विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले, नव्या मध्यप्रदेशाची राजधानी भोपाळ ठरली आणि उच्च न्यायालय नागपुराहून जबलपुरास आले. न्यायमूर्ती हिदायतुल्ला हे त्याचे पहिले मुख्य न्यायाधीश. त्या न्यायालयाच्या पाठोपाठ नागपुरातील वकील, लेखनिक व कारकून यांचीही काही बिऱ्हाडे सातपुडा ओलांडून आली.

या तीन आगमनांचा एक परिणाम इतिहासकारांच्या दृष्टीतून निसटतो. स्थलांतराची गोष्ट साधारणतः अशी सांगितली जाते की, आजोबा आले, मुलगा स्थिरावला आणि नातू परका झाला. जबलपुरात हे चक्र एकदाच फिरले नाही. ज्या वर्षी एका वाड्यातील सहाव्या पिढीचा मुलगा मराठी विसरून गेलेला असे, त्याच वर्षी शेजारच्या आळीत कोणी नवे आजोबा नागपूरची किंवा अमरावतीची भाषा घेऊन उतरत. त्यामुळे शहरात मराठी कायम ऐकू येत राहिली, आणि ती ऐकू येते आहे यावरून ती टिकून आहे असा समज झाला. बृहन्महाराष्ट्रविषयक जे लेखन आपल्याकडे झाले आहे त्यातील बराचसा भाग या समजावर उभा आहे. त्यात मंडळे, गणेशोत्सव, नाट्यप्रयोग, दत्तमंदिरे यांची नोंद साक्षेपाने केलेली असते. संस्थेचा अहवाल हे उपयुक्त साधन होय यात शंका नाही. पण घरात आजी काय बोलली आणि नातवाला त्यातले काय कळले, हे कोणत्याही संस्थेच्या अहवालात येत नसते.

दक्षिणेतील तंजावरशी तुलना केली म्हणजे जबलपूरचा प्रश्न किती निराळा आहे हे ध्यानात येते. व्यंकोजी भोसल्यांची सत्ता तंजावरात सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात स्थापन झाली आणि १८५५ साली ते संस्थान खालसा झाले. मूळ भूमीशी प्रत्यक्ष संबंध जवळजवळ तुटलेला असूनही तेथील मराठी घरांनी आपली एक बोली, तमिळ वळण घेतलेली का होईना, पिढ्यान्‌पिढ्या जपली. जबलपूर तर नागपूरच्या शेजारी. असे असता तंजावरी घरांत मराठी दोनशे वर्षे टिकते आणि जबलपुरी घरांत ती दोन पिढ्यांत विरळ होते, याचे कारण काय? कारण असे की तमिळ दूरची आहे आणि हिंदी जवळची. तमिळ व मराठी यांच्यामध्ये भिंत आहे. घराच्या आत एक भाषा आणि बाहेर दुसरी, हे मुलाला उंबरठ्यावरच कळते. हिंदी व मराठी यांच्यामध्ये उतार आहे. लिपी एक, संस्कृत शब्दभांडार एक, वाक्याची ठेवण बहुतांशी एक. या उतारावरून मूल केव्हा घसरले ते त्याच्या आजीलाही कळत नाही. आणि कळते तेव्हा ते खाली पोहोचलेले असते.

लिपीचे ऐक्य तर विशेष फसवे आहे. जबलपूरच्या शाळेत शिकलेला नातू मनाचे श्लोक खडाखडा वाचतो. आजोबा समाधानाने मान डोलावतात. परंतु वाचताना 'चूल', 'जाणे', 'माझा' यांतील दंत्य उच्चार तालव्य झालेला असतो, 'ळ'च्या जागी 'ल' आलेला असतो, आणि अर्थ तर पुष्कळदा भलत्याच वाटेने गेलेला असतो. आजी 'माझा संसार' म्हणते तेव्हा तिच्या मनात चूल, माणसे, देणेघेणे, सोसलेली वर्षे असतात; नातवाच्या हिंदी कानाला 'संसार' म्हणजे जग. आजोबा 'राग' म्हणतात तो क्रोध. नातवाला तो गाण्यातला किंवा मोहातला वाटतो. 'शिक्षा' हा शब्द आजोबांच्या भाषेत दंड आहे आणि शाळेच्या भाषेत विद्या. यावर त्या घरांतून विनोदही होत असत. 'चेष्टा' एकाला थट्टा, दुसऱ्याला प्रयत्न. अपरिचित शब्द आला तर मूल अर्थ विचारते. परिचित शब्द आला की ते विचारत नाही. त्याला कळले आहे असे त्याला वाटते आणि आजोबांनाही वाटते. या प्रकारचे न उमगलेले गैरसमज वर्षानुवर्षे साचत जाणे, हे जवळच्या भाषांच्या सहवासाचे खरे दुखणे होय.

लिंगभेदाची कथाही तशीच. मराठीतील नपुंसकलिंग हिंदीत नाही. 'ते पुस्तक' नातवाच्या तोंडी 'ती पुस्तक' होते, कारण हिंदीत पुस्तक स्त्रीलिंगी आहे; आणि गीता वाचणाऱ्या आजोबांपुढे 'माझी आत्मा' असा प्रयोग झाला म्हणजे वेदान्ताला व्याकरणाचे ग्रहण लागते. या चुका हसून सोडून देण्याजोग्या आहेत. ज्या सोडून देता येत नाहीत त्या नात्याच्या शब्दांत आणि सर्वनामांत आहेत.

मराठी नातेवाचक शब्दांची व्यवस्था हिंदीहून वेगळी आहे. मराठीत आईची आई आणि वडिलांची आई या दोघीही आजी. हिंदीत एक नानी, दुसरी दादी. मराठीत दादा म्हणजे थोरला भाऊ, हिंदीत दादा म्हणजे आजोबा. मराठीत ताई ही बहीण, हिंदीत ती वडिलांच्या थोरल्या भावाची पत्नी. 'नाना' हे तर मराठी घरात कोणाही वडीलधाऱ्या पुरुषाचे लाडके नाव असू शकते, मग तो आजोबा असो वा काका. जबलपूरच्या घरात ही दोन्ही कोष्टके एकमेकांवर पडतात. शाळेत 'मेरे दादाजी' हा निबंध लिहून आलेला मुलगा घरी आजोबांना 'दादा' म्हणू लागतो, आणि ज्या घरात थोरल्या मुलाला सारे 'दादा' म्हणत आले त्या घरात एका हाकेला दोघे 'ओ' देतात. आत्याची 'बुआ' होते, मावशीची 'मौसी'. मावशीला मौसी म्हटल्याने माया कमी होत नाही, हे खरे. पण आजीच्या दोन वेगळ्या नावांनी जी गोष्ट घरात शिरते ती नवी आहे : बापाकडची आजी व आईकडची आजी यांतील भेद मराठीने एका शब्दात मिटवला होता, तो हिंदीने पुन्हा उघडला.

संबोधनाचा प्रश्न याहून नाजूक आहे. मराठी मध्यमवर्गीय घरात जुन्या काळापासून वडिलांना व आजोबांना 'तुम्ही', आणि आईला व आजीला 'तू' म्हणण्याची रीत आहे. हा 'तू' अनादराचा नव्हे. देवाला आणि आईला ज्या भाषेत हाक मारावयाची त्या भाषेतला तो आहे. जबलपूरच्या सुशिक्षित हिंदी वळणात वडीलधाऱ्या व्यक्तीला, मग ती आई असो वा आजी, 'आप' म्हणणे हा संस्कार मानला जातो व 'तू' उद्धटपणाचा. शाळेत हा संस्कार घेतलेला मुलगा मराठी बोलू लागला की 'आप'चे भाषांतर 'तुम्ही' असे करतो. 'आजी, तुम्ही जेवलात का?' असे तो विचारतो. त्याच्या मनात आदर भरलेला असतो. आजीला मात्र शेजारच्या घरातले पोर विचारते आहे असे वाटते. मराठीत आजीला 'तुम्ही' म्हणतो तो परक्याचा मुलगा. उलट आजी 'का रे', 'ये रे', 'बस रे' म्हणते त्यातील 'रे' हा तिच्या मायेचा सारा ओलावा आहे. पण हिंदी मित्र बसलेले असताना तो 'रे' ऐकून नातू संकोचतो, कारण त्या मित्रांच्या कानांना ती हाक नोकराला मारलेली वाटते. दोघेही आपापल्या भाषेच्या सभ्यतेप्रमाणे अगदी निर्दोष वागतात आणि दोघेही किंचित दुखावतात. व्याकरणाच्या पुस्तकात या दुखण्याला नाव नाही.

सर्वनामांतील सर्वांत अर्थपूर्ण घटना 'आम्ही' आणि 'आपण' यांच्यामध्ये घडते. मराठीत उत्तमपुरुषी अनेकवचनाची दोन रूपे आहेत. 'आम्ही' म्हणताना ऐकणारा बाहेर राहतो, 'आपण' म्हणताना तो आत येतो. द्राविड भाषांतही असा भेद आहे आणि मराठीने तो त्यांच्या शेजारातून दृढ केला असे अनेक अभ्यासक मानतात. प्रमाण हिंदीत दोहोंचे काम एकटा 'हम' करतो. हिंदीतून विचार करणारा नातू 'हम'च्या जागी सरसकट 'आम्ही' ठेवतो. 'आजी, आम्ही उद्या नर्मदेवर जाऊ,' असे तो उत्साहाने सांगतो. त्याला म्हणावयाचे असते की सगळेच जाऊ, तूही चल. आजी ऐकते ते असे की ही मंडळी उद्या जाणार आणि घर राखावयास ती राहणार. ग्वारीघाटाच्या स्नानाची इच्छा मनात असलेली म्हातारी बाई 'जाऊन या हो' म्हणून गप्प बसते. 'आम्ही' आणि 'आपण' यांतील अंतर येथे निव्वळ व्याकरणाचे राहत नाही. कोण कोणाचा, हे सांगण्याचे साधनच हातातून गळून पडलेले असते.

येथे एक गोष्ट विसरता येत नाही, आणि या विषयातील सर्वांत मोठा विपर्यास तिच्यात आहे. हाच मुलगा गल्लीत खेळताना आपल्या सोबत्याला 'अपन चलें' म्हणतो. जबलपूरच्या, किंबहुना मध्यप्रदेशातील पुष्कळशा भागाच्या, बोलत्या हिंदीत 'अपन' हे ऐकणाऱ्याला आत घेणारे सर्वनाम पूर्णपणे रूढ आहे. हे 'अपन' मराठीच्या संसर्गाने आले, की गुजराती-राजस्थानीतील सदृश रूपांप्रमाणे ते स्वतंत्रपणे वाढले, हा वाद भाषाशास्त्रज्ञांनी मिटवावा. प्रस्तुत संदर्भात महत्त्वाचे इतकेच की, आजीच्या 'आपण'चा सख्खा सोयरा नातवाच्या जिभेवर रात्रंदिवस हजर होता. मग दोघांची गाठ का पडली नाही? कारण शाळेतील हिंदीच्या शिक्षकाला 'अपन' गावंढळ वाटे आणि तो त्याचा 'हम' करून घेई. घरातील आजोबांना 'अपन' बाजारी वाटे आणि ते मुलाला दरडावून गप्प करीत. एका बाजूने प्रमाण हिंदीने आणि दुसऱ्या बाजूने प्रमाण मराठीने, दोघांनी मिळून, मधली एकमेव फळी काढून घेतली.

आजोबांची मराठी तरी शुद्ध कोठे होती? नागपूर-जबलपूरकडील मराठीत 'तो जाऊन राहिला', 'काय करून राहिलास' असे प्रयोग सर्रास होत आले आहेत. ते हिंदीतील चालू क्रियेच्या रूपाशी उघडच नाते सांगतात. जुन्या वाड्यांतील मराठीत तर बुंदेली शब्दांची भर पडलेली असे. नर्मदेला आजी 'मैया' म्हणे. आणि नर्मदा-परिक्रमेला निघालेले वाटसरू दाराशी आले म्हणजे त्यांच्याशी ती जी भाषा बोले तिला हिंदी म्हणावे की मराठी, हे ठरवणे कठीण होते. पुण्याहून एखादे पाहुणे आले आणि त्यांनी त्या बोलीला हसून दाखवले, तर तेवढ्यापुरते आजोबा ओशाळत व ग्रांथिक मराठी बोलू लागत. त्या ओशाळण्यातून एक नियम घरात आला : मुलांशी बोलावयाचे तर शुद्ध मराठी, नाही तर सरळ हिंदी. शुद्ध मराठी मुलांना जमेना, म्हणून हिंदी राहिली. ज्या मिश्र बोलीत आजोबा आणि नातू खरोखर भेटू शकले असते तीच बोली लाजेपायी घरातून हद्दपार झाली. हिंदीच्या आक्रमणाविषयी तक्रार करणाऱ्यांनी या लाजेचाही हिशेब मांडावयास हवा.

१९५६ च्या पुनर्रचनेने या अंतराला राजकीय सीमा दिली. तत्पूर्वीच्या मध्यप्रदेशात हिंदी व मराठी या दोन्ही राज्यभाषा होत्या, आणि राजधानी मराठी नागपुरात होती. कचेरीत मराठीचा अर्ज चाले. नागपूर विद्यापीठ १९२३ साली निघाले; १९४६ साली सागर विद्यापीठ होईपर्यंत जबलपूरच्या महाविद्यालयांचा संबंध नागपूरशी होता. विसाव्या शतकाच्या आरंभी गोंदियाहून जबलपुरास अरुंदमापी रेल्वे आली आणि भंडारा-नागपूरकडील माणसांची जा-ये सोपी झाली. या जाण्यायेण्यात सुना येत. मराठी टिकण्याचे सर्वांत भरवशाचे साधन शाळा नव्हे, मंडळ नव्हे, तर नागपूर-अमरावतीकडून लग्न होऊन आलेली सून हे होते. ती आली की घरातील मराठी एका पिढीने तरुण होई; सासूच्या भाषेला नवे माणूस मिळे. नवी सीमा आल्यावर हा ओघ एकदम आटला असे नव्हे. पण नोकऱ्या, बदल्या, परीक्षा यांचे तोंड भोपाळ-इंदूरकडे वळले, आणि सोयरिकीही हळूहळू त्याच दिशेने गेल्या. सोयरिकी बदलल्या तशी घरातली भाषा बदलली. पुष्कळ ठिकाणी मराठी आडनावाच्या घरात आलेली सूनही हिंदीतच वाढलेली होती.

घटनेने या अल्पसंख्य भाषिकांचा विचार केला नाही असे म्हणता येणार नाही. १९५६ च्याच सातव्या घटनादुरुस्तीने ३५० क हे कलम घातले. प्राथमिक शिक्षण मातृभाषेत मिळण्यासाठी राज्याने पुरेशा सोयी करण्याचा प्रयत्न करावा, असे त्यात म्हटले आहे. प्रयत्न करावा, इतकेच. आणि आईबापांनाही ते पुरेसे वाटले, कारण मुलाची नोकरी हिंदीत व इंग्रजीत होती. नागपुराहून आलेल्या वकिलाचा दिवस पाहिला तर हे स्पष्ट होते : न्यायालयात इंग्रजी, पक्षकाराशी हिंदी, रात्री जेवताना मराठी. मुलाने त्यातील पहिल्या दोन भाषा शिकाव्यात असे त्याला वाटले तर त्यात अनैसर्गिक ते काय? तिसरी आपोआप येईल अशी त्याची समजूत होती. जनगणनेची व्याख्याही याच समजुतीवर आधारलेली आहे. लहानपणी आई मुलाशी जी भाषा बोलली ती मातृभाषा, असे ती धरते. त्यामुळे आजीशी अडखळत बोलणाऱ्या, स्वप्नेही हिंदीत पाहणाऱ्या मुलाच्या नावापुढे मराठी असे लिहिले जाते. आणि आई हिंदीत वाढलेली असेल तर आजीच्या मांडीवर मराठी शिकलेल्या मुलाच्या नावापुढे हिंदी. आजीसाठी जनगणनेत रकाना नाही.

या अंतराच्या साहित्यिक बाजूकडे वळले म्हणजे मराठी वाङ्मयेतिहासाची एक उणीव उघडी पडते. माधवराव सप्रे यांचा जन्म १८७१ साली जबलपूरशेजारच्या दमोह जिल्ह्यातील पथरिया येथे मराठी कुटुंबात झाला. १९०० साली त्यांनी पेंड्राहून 'छत्तीसगढ मित्र' काढले, १९०७ साली नागपुराहून 'हिंदी केसरी'. १९२० साली जबलपुरातून माखनलाल चतुर्वेदी यांच्या संपादकत्वाखाली निघालेल्या 'कर्मवीर'च्या मागेही सप्र्यांची प्रेरणा होती. १९२४ साली ते देहरादूनच्या हिंदी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. हिंदीच्या इतिहासात त्यांना मानाचे स्थान आहे. मराठीच्या इतिहासात ते अनुवादकांच्या यादीत, तेही क्वचित, सापडतात. कारण त्यांनी 'दासबोध', टिळकांचे 'गीतारहस्य' आणि चिंतामणराव वैद्यांचा महाभारतविषयक ग्रंथ हिंदीत नेला. या अनुवादांकडे हिंदीची सेवा म्हणून पाहण्याची प्रथा आहे. पण ते ज्या प्रदेशात, ज्या प्रकारच्या घरातल्या माणसाने केले तो प्रदेश ध्यानात घेतला तर त्यांचा आणखी एक वाचक डोळ्यांपुढे येतो. आजोबांच्या देवघरात मराठी 'दासबोध' आहे. नातवाला त्यातील ओवी वाचता येते पण लागत नाही. सप्र्यांचा हिंदी 'दासबोध' त्या नातवाला आजोबांच्या देवघरापर्यंत नेऊ शकत होता. मराठी ग्रंथाचे हिंदी भाषांतर मराठी घरातच आवश्यक व्हावे, ही वस्तुस्थिती खेदाची वाटेल. तरी ती मराठीच्याच इतिहासाचा भाग होय.

जबलपूरचे उदाहरण एकटे नाही. देवघरजवळच्या करौं गावी १८६९ साली जन्मलेले सखाराम गणेश देउस्कर बंगालीत लिहिते झाले आणि त्यांचे 'देशेर कथा' १९०४ साली स्वदेशीच्या उंबरठ्यावर बंगालभर वाचले गेले. त्यांचे भाचे बाबूराव विष्णु पराडकर काशीत जन्मले आणि 'आज' पत्राचे संपादक म्हणून हिंदी पत्रकारितेचे आचार्य ठरले. मामा बंगालीत, भाचा हिंदीत, आणि घर मराठी. यांना 'मराठीला अंतरलेले' म्हणण्याची आपल्याकडे पद्धत आहे. हा शब्दप्रयोग तपासून पाहण्याजोगा आहे. मराठीने त्यांना शोधले कधी होते, की ते अंतरले म्हणावे?

सर्वांत बोलके उदाहरण मुक्तिबोध बंधूंचे. गजानन माधव मुक्तिबोध यांचा जन्म १३ नोव्हेंबर १९१७ रोजी ग्वाल्हेर संस्थानातील श्योपूर येथे झाला. घराणे मूळचे खानदेशातले. आजोबा गोपाळराव टोंक संस्थानात नोकरीस होते आणि फारसीच्या व्यासंगाबद्दल प्रसिद्ध होते. वडील माधवराव ग्वाल्हेर संस्थानच्या पोलिसखात्यात. आई बुंदेलखंडाकडील, हिंदी वातावरणात वाढलेली. १९४३ साली 'तारसप्तक'मधून गजाननांच्या कविता पुढे आल्या. १९४६ च्या सुमारास ते जबलपुरास आले, हितकारिणी शाळेत शिक्षक झाले, आणि तेथून नागपुरास गेले. पुढे 'एक साहित्यिक की डायरी' या नावाने संकलित झालेले त्यांचे लेखन हरिशंकर परसाईंच्या जबलपुरी 'वसुधा'तून येत असे. धाकटे बंधू शरच्चंद्र, जन्म १९२१, यांनी मराठी धरली : 'नवी मळवाट' १९४९, 'क्षिप्रा' १९५४, 'यात्रिक' १९५७, आणि 'सृष्टी, सौंदर्य आणि साहित्यमूल्य' या समीक्षाग्रंथास १९७९ चा साहित्य अकादेमी पुरस्कार. दोघे भाऊ, एकच घर, एकच मध्यभारतीय बालपण. थोरल्याने मराठी नागपुरात राहून हिंदी कविता लिहिली. धाकट्याने मराठी कादंबरीला उज्जैनीच्या नदीचे नाव दिले.

या दोघांवर दोन भाषांत पुष्कळ लिहिले गेले आहे, आणि ते बहुधा एकमेकांना न भेटता. हिंदी समीक्षक गजाननांच्या दीर्घ, वळणावळणाच्या, संस्कृत समासांनी जड झालेल्या वाक्याविषयी बोलतात व त्यात मराठीची छाया पाहतात, पण ती छाया कोणत्या मराठीची, हे विचारीत नाहीत. मराठी समीक्षक शरच्चंद्रांच्या मार्क्सवादी भूमिकेची चर्चा करतात, पण त्यांच्या भाषेत माळव्याचे जे अंग आहे ते विदर्भाच्या खाती जमा करून मोकळे होतात. दोन्हीकडे आडवी येते ती वर सांगितलेली शुद्धीची लाजच. फरक एवढा की घरात ती आजोबांना होती आणि येथे ती वाङ्मयेतिहासाला आहे. फारसी जाणणाऱ्या आजोबांचे एक नातू हिंदीत आणि दुसरे मराठीत का गेले, हा प्रश्न दोन्ही साहित्यांना जोडून विचारल्यावाचून सुटणार नाही. आईची भाषा, वडिलांच्या बदल्या, शाळा, मित्र, नियतकालिके यांचा त्यात वाटा असणार. एवढे निश्चित म्हणता येते की तेथे एका भाषेचा त्याग करून दुसरीचा स्वीकार झाला, हे वर्णन अपुरे आहे. ज्या घरात आजोबांची विद्या फारसी होती त्या घरात भाषा बदलणे हे विश्वासघाताचे लक्षण मानले जात नव्हते. आजोबांनीही एकेकाळी तेच केले होते.

ही शेवटची गोष्ट जबलपूरच्या घरांतही ध्यानी घेतली गेली नाही. नातू बदलला असे म्हणणारे आजोबा स्वतः बदललेल्या आजोबांचे नातू होते. भोसल्यांच्या अमलातील मोडी कागद पाहिले तर त्यांत मराठी क्रियापदांच्या मधोमध जमाबंदी, मौजे, रयत, कमाविसदार हे फारसी-अरबी शब्द निःसंकोच बसलेले दिसतात. ते लिहिणाऱ्या कारकुनाला आपली मराठी बाटली असे वाटले नव्हते. मोडी मागे पडल्यावर तर हे कागद पुण्यातील नातवालाही तितकेच अगम्य झाले, मग जबलपूरच्या नातवाला दोष कसला द्यावयाचा?

अलीकडच्या काळात ओघाची दिशा फिरली आहे. जबलपूरच्या मराठी घरांतील तरुण शिक्षणासाठी व नोकरीसाठी पुण्यास जातात आणि तेथे पहिल्याच वाक्याला ओळखले जातात. 'तुम्ही मूळचे कुठले?' हा प्रश्न त्यांना आजोबांच्या गावीच ऐकावा लागतो. त्यांतील काही हळूहळू मराठी नव्याने शिकतात. कचेरीत, उपाहारगृहांत, भाड्याच्या खोल्यांतून. सुटीत ते जबलपुरास परततात तेव्हा त्यांची मराठी आजीच्या मराठीहून निराळी, पुणेरी झालेली असते. 'जाऊन राहिलो' म्हणणारी आजी आता त्यांच्यापुढे जरा सावरून बोलते. पण 'आम्ही' आणि 'आपण' यांतील भेद तेवढा त्यांना पुण्याने शिकवलेला असतो, आणि उद्या नर्मदेवर जावयाचे आहे हे सांगताना ते 'आपण' म्हणतात. आजी लुगडे काढून ठेवते.